बंद कपाटांबाहेर शिवलेले साँ लोराँ : वेशभूषाकार आनाइस रोमाँ यांच्या कामाविषयी

नीलकुरिंजी (धागाकर्ती)

२०१४ साली फ्रान्समध्ये एकाच माणसावरचे दोन चित्रपट काही महिन्यांच्या अंतराने प्रदर्शित झाले. माणूस होता फॅशनच्या जगातला इव्ह साँ लोराँ. जानेवारीत जालिल लेस्पेर यांचा 'इव्ह साँ लोराँ' आला आणि मे महिन्यात कान महोत्सवाच्या स्पर्धेत दाखवला गेलेला बेर्त्राँ बोनेलो यांचा 'साँ लोराँ' सप्टेंबरमध्ये चित्रपटगृहांत लागला. पहिल्या चित्रपटाच्या पाठीशी साँ लोराँ यांचे व्यवसायातले आणि आयुष्यातले जोडीदार पिएर बेर्जे उभे होते. त्यांच्या प्रतिष्ठानाने जतन केलेले ७७ मूळ पोशाख चित्रीकरणासाठी दिले आणि पॅरिसमधल्या मार्सो रस्त्यावरच्या प्रतिष्ठानाच्या वास्तूतही काही प्रसंग चित्रित करू दिले. दुसऱ्या चित्रपटाला बेर्जे यांचा उघड विरोध होता, त्यामुळे ती कपाटे त्याच्यासाठी बंद राहिली. ज्या चित्रपटाचा नायकच कपडे बेतणारा आहे, त्या चित्रपटाच्या वेशभूषाकाराला नायकाने बेतलेला एकही कपडा त्या संग्रहातून मिळणार नाही, अशी ती परिस्थिती होती. पुढच्या वर्षी, २०१५च्या सेझार या फ्रान्सच्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत, वेशभूषेसाठी दोन्ही चित्रपटांना नामांकन होते. बोनेलो यांच्या चित्रपटाला एकूण दहा नामांकने होती आणि त्यांतला एकच पुरस्कार त्याच्या पदरात पडला, तो वेशभूषेचा. तो घेणाऱ्या वेशभूषाकार म्हणजे आनाइस रोमाँ.

ही गोष्ट मला कळली तेव्हापासून मी त्यांचे चित्रपट दिग्दर्शकांच्या नावाने न शोधता त्यांच्या नावाने शोधून पाहू लागले. माझे आजोळ शिंप्याचे. लहानपणी मशीनच्या पायाशी बसून कापडाचे तुकडे गोळा करण्यात माझ्या सुट्ट्या गेल्या आहेत, त्यामुळे पडद्यावरचा कपडा मी आधी शिवणीच्या अंगाने पाहते. रोमाँ यांच्या कामाविषयी मराठीत लिहिलेले मला कुठे सापडले नाही, म्हणून हा धागा काढत आहे. फॅशन आणि वेशभूषा ही एकाच घरातली दोन भावंडे आहेत असे आपण धरून चालतो. रोमाँ यांचे चित्रपट ओळीने पाहिल्यावर माझे मत असे झाले आहे की त्यांची कुळेच वेगळी आहेत. फॅशनचा कपडा स्वतःकडे पाहायला लावतो, तर वेशभूषेतला कपडा तो घालणाऱ्या माणसाकडे आणि त्याच्यावरून सरत चाललेल्या काळाकडे पाहायला लावतो.

साँ लोराँच्या उदाहरणापासूनच सुरुवात करते. संग्रहालयातला मूळ पोशाख हा अमूल्य ठेवा असतो, पण नट-नट्यांना कपडे घालायचे असतात तेव्हा तो फार अडवणूकही करतो. तो कोणा दुसऱ्याच बाईच्या मापाचा असतो. त्याची शिवण उसवता येत नाही, कंबर घेता येत नाही आणि खालची दुमड सोडता येत नाही. दिव्यांच्या उष्णतेत तो तासन्‌तास अंगावर ठेवता येत नाही, त्यावर घामाचा डाग पडून चालत नाही. म्हणजे कपड्याला माणूस शोधावा लागतो. नव्याने शिवणाऱ्याला मात्र उलटा प्रवास करता येतो. हातात असतात छायाचित्रे, त्या काळातली मासिके, जुनी चित्रीकरणे आणि कोणाकडे उरलेले जुने कपडे. छायाचित्रात कपड्याची एक बाजू दिसते, पाठ दिसत नाही, अस्तर तर कधीच दिसत नाही. कापड किती जड होते हे ते कसे पडले आहे त्यावरून ताडावे लागते. मग मांजरपाटाचा कच्चा नमुना बेतायचा, तो अंगावर टाचायचा, उसवायचा, पुन्हा बेतायचा. यात मूळ कारागिराच्या हाताने घेतलेला निर्णय स्वतःच्या हाताने पुन्हा घ्यावा लागतो. १९७६चा 'रशियन बॅले' या नावाने ओळखला जाणारा कपड्यांचा संच दोन्ही चित्रपटांत आहे, आणि तो लागोपाठ पाहिल्यास मी काय म्हणते आहे ते कळेल. लेस्पेर यांच्या चित्रपटात मूळ कपडे पाहताना मी आदराने सरसावून बसले, जणू काचेपलीकडे काही पाहते आहे. बोनेलो यांच्या चित्रपटात तेच घोळदार घागरे, तेच फर आणि तीच सोनेरी किनार पडद्याच्या चौकटीत येते, तेव्हा पडदाच मोंद्रियान या डच चित्रकाराच्या चित्रासारखा लहानमोठ्या चौकोनांत विभागलेला असतो. अंगभर रेशीम सळसळवत मुली चालतात, आणि हे सगळे घडवणारा माणूस आतून किती रिता झाला आहे हे त्या भपक्यामुळेच जाणवते.

याच चित्रपटात एक छोटा प्रसंग आहे, तो मी चार वेळा पाहिला. व्हालेरिया ब्रुनी तेदेस्की यांनी साकारलेली एक ग्राहक स्त्री पँट आणि कोट अंगावर चढवून आरशापुढे अवघडून उभी आहे. आपण पुरुषासारख्या दिसतो असे तिला वाटते. साँ लोराँ तिचे केस मोकळे करायला लावतो, एखाददुसरी वस्तू वाढवतो, तिला उभे राहण्याची ढब सुचवतो, आणि बघता बघता त्याच कपड्यात ती बाई वेगळी होते. कोटाचा एक टाकाही बदललेला नसतो. वेशभूषाकाराच्या व्यवसायाचे याहून चांगले प्रात्यक्षिक मी पडद्यावर पाहिलेले नाही.

आता मागे जाऊन त्यांच्या आधीच्या एका मोठ्या कामाकडे येते. २००० साली ओलिव्हिए आसायास यांचा 'ले देस्तिने साँतिमाँताल' हा तीन तासांचा चित्रपट आला. विसाव्या शतकाच्या आरंभापासून तिसऱ्या दशकाच्याही पुढे जाणारी ही कथा आहे. शारांत प्रांतातला कोन्याक मद्याचा व्यापार, लिमोजमधला चिनी मातीच्या भांड्यांचा कारखाना आणि प्रोटेस्टंट घराण्यांतली करडी शिस्त हे तिचे विश्व. शार्ल बेर्लिंग, इमान्युएल बेआर आणि इझाबेल ह्युपेर यांच्या भूमिका आहेत. इथे वेशभूषाकारापुढचे आव्हान भपक्याचे नसून तीस वर्षांचे आहे. १९००च्या सुमारास स्त्रियांच्या कॉर्सेटने शरीराला छाती पुढे आणि कंबर मागे असा बाक दिला होता. त्यानंतरच्या दशकात पॉल प्वारे यांच्यासारख्या फॅशनकारांनी कंबरेचा काच सैल केला, महायुद्ध झाले, आणि विशीच्या दशकात कंबर जवळजवळ नाहीशी होऊन घेर पोटऱ्यांपर्यंत वर आला. हा इतिहास कोणत्याही पुस्तकात सापडेल. पण खऱ्या घरात सगळी माणसे एकाच दिवशी कपडे बदलत नाहीत. सासू तिच्या तरुणपणीच्याच तऱ्हेचे कपडे घालत राहते, गावातली बाई शहरातल्या बाईच्या चार वर्षे मागे असते, आणि ज्याच्या घरी धर्मोपदेशकाचे व्रत आहे तो नवा कोटसुद्धा जुन्यासारखा शिवून घेतो. सुरुवातीच्या लांबलचक नृत्यसमारंभाच्या प्रसंगात पंचवीस-तीस माणसांच्या घोळक्यात कोण सधन आहे, कोण नुकता सधन झाला आहे आणि कोणाला आपल्या सधनतेची लाज वाटते, हे मला त्यांच्या कपड्यांवरून सांगता आले. या कामासाठी रोमाँ यांना सेझारचे नामांकन मिळाले.

त्यांना पहिला सेझार मिळाला तो २०१२ साली, बोनेलो यांच्याच 'लापोलोनीद' या चित्रपटासाठी. त्या वर्षी 'द आर्टिस्ट'ची लाट होती. त्या चित्रपटाचे वेशभूषाकार मार्क ब्रिजेस यांना याच कामासाठी ऑस्कर मिळाले, पण सेझारच्या मतदारांनी वेशभूषेत रोमाँ यांना निवडले. चित्रपट घडतो १८९९-१९००च्या पॅरिसमधल्या एका उंची वेश्यागृहात. फ्रान्समध्ये अशी परवानाधारक घरे पुढे १९४६च्या कायद्याने बंद झाली. या चित्रपटात कपडा हा कथेचाच एक धागा आहे, कारण त्या मुली ज्या कर्जाने त्या घराला बांधलेल्या आहेत त्यात त्यांच्या पोशाखाचा आणि अत्तराचाही खर्च आहे. रात्री अंगावर झळकणारा साटीनचा झगा म्हणजे तिच्या नावावर लिहिलेली रक्कम आहे, हे एकदा कळले की त्या रंगांकडे पूर्वीसारखे पाहता येत नाही. रोमाँ यांनी रात्रीचे कपडे जड, गडद आणि चकचकीत ठेवले आहेत, दिवसाचे मात्र सुती, विटलेले आणि सैल. मधेच एके दिवशी त्या सगळ्या जणी नदीकाठी सहलीला जातात. फिकट कपड्यांतल्या त्या मुली गवतावर दिसतात तेव्हा त्यांचे खरे वय पहिल्यांदा लक्षात येते, आणि माझ्या तरी घशात आवंढा आला.

तिसरा सेझार २०१७ साली, स्तेफानी दि जिउस्तो यांच्या 'ला दाँसॉझ' या चित्रपटासाठी. ही अमेरिकेत १८६२ साली जन्मलेल्या आणि पॅरिसमध्ये नावारूपाला आलेल्या लोई फुलर या नर्तकीची कथा. फुलर यांचे नृत्य हा मुळातच कपड्याचा शोध होता. बाह्यांत लांब काठ्या धरून त्या रेशमाचा प्रचंड घेर हवेत फिरवत आणि त्यावर रंगीत विजेच्या दिव्यांचे झोत टाकत. १८९२ साली पॅरिसच्या फोली बेर्जेर रंगमंचावर त्यांनी हे नृत्य केले आणि शहर वेडे झाले. त्याच वर्षी त्यांनी आपल्या नृत्याची नक्कल करणारीविरुद्ध अमेरिकेत दावा लावला होता, पण या नृत्यात काही कथा नाही, म्हणून त्याला हक्काचे संरक्षण नाही, असे म्हणून न्यायालयाने तो फेटाळला. नृत्य राखता आले नाही तेव्हा फुलर यांनी पोशाखाची रचना राखली आणि १८९४ साली तिचे पेटंट मिळवले. अशा बाईवरच्या चित्रपटात वेशभूषाकाराला चूक करायला जागाच नसते. रेशीम फार हलके घेतले तर ते हवेत वळणदार आकार धरत नाही, जड घेतले तर ते फिरवणाऱ्या सोको या अभिनेत्रीचे खांदे निखळतील. घेर कुठे तिरका बेतायचा, काठीचे टोक कुठे अडकवायचे, नर्तकीचा चेहरा कोणत्या क्षणी मोकळा राहायला हवा, हे सगळे यंत्र जुळवावे तसे जुळवावे लागते. या चित्रपटात नृत्यानंतर कापड गळून पडते आणि आतली दमलेली, दुखावलेली देहयष्टी दिसते. कपडा उतरल्यावर काय उरते याचाही विचार वेशभूषाकारानेच करायचा असतो.

लिओस काराक्स यांचा 'होली मोटर्स' (२०१२) आणि बेन्वा जाको यांनी केलेले 'एका मोलकरणीची रोजनिशी' या कादंबरीचे २०१५चे रूपांतर यांविषयी इथे विस्ताराने लिहीत नाही. पहिल्यात द्नी लाव्हाँ एका लांबलचक मोटारीत बसून दिवसभरात भिकारीण, खुनी, मरणारा म्हातारा असे एकामागून एक वेश बदलत राहतो, म्हणजे मोटारच वेशभूषेची खोली झाली आहे. ज्यांनी तो पाहिला असेल त्यांनी जरूर लिहावे.

प्रतिसाद : तिसरीघंटा

लेख मनापासून आवडला. मी राज्य नाट्य स्पर्धेतल्या नाटकांसाठी बारा वर्षे वेशभूषेची बाजू सांभाळली आहे, त्यामुळे मांजरपाटाचा उल्लेख वाचून बरे वाटले. रंगमंचावर आम्हाला अंतराची मदत असते. दहाव्या रांगेतल्या प्रेक्षकाला जुना सदरा जुना वाटावा म्हणून मी वेगळ्या रंगाचे मोठे ठिगळ लावते, कोपरावर गेरू चोळते, आणि ते पुरते. कॅमेरा मात्र दोऱ्याचा पीळसुद्धा दाखवतो. चित्रपटात नवा शिवलेला कपडा वापरलेला कसा करतात आणि एका पात्राचे एकाच कपड्याचे किती नग शिवावे लागतात, याविषयी आपण काही सांगू शकाल का?

प्रतिसाद : नीलकुरिंजी

तिसरीघंटा, आपण नेमका तोच भाग विचारलात जो मी लांबीच्या भीतीने गाळला होता. फ्रेंचमध्ये या कामाला 'पातिन' म्हणतात, धातूवर किंवा जुन्या लाकडावर वर्षानुवर्षांनी जी कळा चढते तोच शब्द. वेशभूषेच्या खात्यात हे काम करणारी माणसे वेगळी असतात. कपडा वारंवार धुतात, उन्हात टाकतात, पॉलिश पेपरने आणि तारेच्या ब्रशने घासतात, चहाच्या किंवा रंगाच्या पाण्यात बुडवतात, मेण आणि तेलकट रंग चोळतात. कौशल्य मात्र घासण्यात नसून कुठे घासायचे हे जाणण्यात आहे. शेतकऱ्याचा कोट खांद्यावर उन्हाने विटतो, खिशाच्या तोंडाशी काळवंडतो, कोपरावर झिजतो. बसून काम करणाऱ्याचा मनगटाच्या खालच्या बाजूला चकाकतो. सगळीकडे सारखा मळवलेला कपडा पडद्यावर लगेच खोटा दिसतो.

नगांचे म्हणाल तर ते प्रसंगांवर ठरते. चित्रीकरण कथेच्या क्रमाने होत नाही. आज सकाळी शेवटचा प्रसंग आणि दुपारी पहिला, असे चालते. तेव्हा फाटण्यापूर्वीचा, फाटतानाचा आणि फाटल्यानंतरचा असे एकाच कपड्याचे वेगवेगळे नग हाताशी लागतात. चिखलात पडायचे असेल तर प्रत्येक टेकला कोरडा नग हवा, आणि झुंजीच्या प्रसंगी नटाच्या बदल्यात पडणाऱ्या माणसासाठी त्याच्या मापाचा आणखी एक. कुठल्या प्रसंगात वरचे बटण उघडे होते आणि बाही किती दुमडली होती याची नोंद ठेवणे हेही याच खात्याचे काम असते.

ग्झाव्हिए बोव्वा यांचा 'ले गार्दिएन' (२०१७) आपण पाहावा अशी माझी खास विनंती आहे. पहिल्या महायुद्धात पुरुष आघाडीवर गेल्यावर शेती सांभाळणाऱ्या बायकांची ती कथा, १९१५पासून युद्धानंतरच्या काळापर्यंतची. नाताली बाय, लॉरा स्मेत आणि इरिस ब्री या तिघींचे तेच ते घागरे आणि तेच ते ब्लाउज ऋतूंमागून ऋतू अंगावर येत राहतात. रजेवर आलेल्या पुरुषांचे गणवेशही पाहा. युद्धाच्या आरंभी फ्रेंच सैनिक लाल विजारी घालत असत, त्या शत्रूला दुरून दिसत, म्हणून १९१५मध्ये क्षितिजाच्या फिकट निळ्या रंगाचा गणवेश आला. शेतातल्या मातकट रंगांत तो निळा रंग घरी परतलेल्या मुलालाही पाहुणा करून टाकतो. या कामासाठीही रोमाँ यांना सेझारचे नामांकन होते.

प्रतिसाद : सेनकाठ

मी बरीच वर्षे फ्रान्समध्ये राहतो आणि इथल्या चित्रपटांविषयी मराठीत असे लिहिलेले वाचून समाधान वाटले. एका मुद्द्यावर मात्र माझा मतभेद नोंदवतो. लेस्पेर यांच्या चित्रपटाच्या वेशभूषाकार मादलेन फोंतेन यांच्यावर या मांडणीत अन्याय होतो आहे. वाचणाऱ्याचा असा समज होईल की त्यांना कपाटे उघडी मिळाली आणि त्यांनी आतले कपडे काढून दिले. ७७ पोशाख हे त्या चित्रपटातल्या एकूण कपड्यांचा एक भाग होते. पॅरिसच्या रस्त्यावरची माणसे, कारागीर, मेजवान्यांतले पाहुणे, या सगळ्यांना त्यांनीच कपडे चढवले होते.

शिवाय फोंतेन यांचे स्वतःचे काम पाहा. २००५ साली 'अं लाँ दिमाँश द फियाँसाय' या महायुद्धकाळातल्या चित्रपटासाठी आणि २००९ साली 'सेराफिन'साठी त्यांना सेझार मिळाला आहे. दुसऱ्या चित्रपटातली सेराफिन लुई ही साँलिस गावात धुणी-भांडी करून रात्री चित्रे काढणारी बाई होती. योलांद मोरो यांच्या अंगावरची ती शाल, ती टोपी आणि ते जड बूट कुठल्याही संग्रहालयातून आलेले नव्हते. आणि पुढे अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष केनेडी यांच्या पत्नीवरच्या 'जॅकी' या चित्रपटासाठी त्यांनी केलेला गुलाबी सूट तर आपल्या मुद्द्याचेच उदाहरण आहे. १९६३ साली केनेडी यांची हत्या झाली त्या दिवसाचा मूळ सूट अमेरिकेच्या राष्ट्रीय अभिलेखागारात आहे आणि २१०३ सालापर्यंत तो जनतेला दाखवला जाणार नाही. म्हणजे तिथेही कपाट बंदच होते. फोंतेन यांनी तो सूट नव्याने घडवला आणि २०१७ साली त्या कामासाठी त्यांना बाफ्टा हा ब्रिटिश चित्रपट पुरस्कार मिळाला.

प्रतिसाद : नीलकुरिंजी

सेनकाठ, आपले म्हणणे मला मान्य आहे आणि ते मी मूळ लेखातच लिहायला हवे होते. 'सेराफिन' मी पाहिला आहे. त्यातल्या बाईचा कपडा तिच्या देहाचाच भाग वाटतो, इतका तो तिच्यावर मुरला आहे. गुलाबी सूटची माहिती मला नव्हती, त्याबद्दल आभार. फोंतेन यांच्या क्षमतेविषयी मला शंका नाही. माझा आक्षेप एका चित्रपटापुरता आहे, आणि तो मूळ कपडे मिळणे म्हणजे अर्धे काम झाले या समजुतीवर आहे. त्या चित्रपटाच्या जाहिरातीत मूळ पोशाखांचा जितका गाजावाजा झाला, तितका फोंतेन यांनी स्वतः शिवून घेतलेल्या कपड्यांचा झाला नाही. तेव्हा ती समजूत त्यांनाही जाचलीच असणार असे मला वाटते.

प्रतिसाद : कशिदा

या समजुतीचे मूळ जुने आहे. फ्रेंच चित्रपटांत फार पूर्वीपासून मोठ्या फॅशनगृहाचे नाव नायिकेच्या कपड्यांना लागत आले आहे. १९३९च्या 'ला रेग्ल द्यु जू'मध्ये शानेल, १९६१च्या 'लानेए देर्निएर आ मारियँबाद'मध्ये देल्फिन सेरिगच्या अंगावर पुन्हा शानेल. १९६७च्या 'बेल द जूर'मध्ये कात्रिन दनव यांचे कपडे खुद्द साँ लोराँ यांचे होते. काळा पोशाख आणि पांढरी कॉलर व कफ ही प्रतिमा आजही सगळीकडे छापली जाते. त्याच चित्रपटात बाकीच्या सगळ्या माणसांचे कपडे एलेन नूरी यांनी केले होते, हे किती जणांना ठाऊक असेल? नवऱ्याचा ओव्हरकोट, वेश्यागृहाच्या मालकिणीचा पोशाख आणि तिथे येणाऱ्या पुरुषांचे सूट यांच्याशिवाय दनव यांच्या कपड्यांतला तो थंड नेटकेपणा उठून दिसलाच नसता. साँ लोराँवरच्या चित्रपटासाठी वेशभूषाकाराला सेझार मिळावा यात मला म्हणूनच एक न्याय दिसतो.

हॉलिवूडमध्ये उलटेही घडले आहे. १९५४च्या 'सॅब्रिना'मध्ये ऑड्री हेपबर्न यांचे पॅरिसमधले कपडे फ्रेंच फॅशनकार जिवाँशी यांचे होते, श्रेयनामावलीत त्यांचे नाव नव्हते, आणि ऑस्कर चित्रपटाच्या वेशभूषाकार एडिथ हेड यांना मिळाले. दोन्हीकडे मुळातला प्रश्न एकच आहे, की चित्रपटातला कपडा नक्की कोणाचा म्हणायचा.

प्रतिसाद : रंकाळा

आमच्या कोल्हापूरच्या भानू अथैया यांची आठवण या धाग्यावर निघणे साहजिक आहे. त्यांचे वडील अण्णासाहेब राजोपाध्ये चित्रकार होते आणि बाबूराव पेंटरांच्या बरोबर त्यांनी काम केले होते. १९८२च्या 'गांधी' चित्रपटासाठी जॉन मोलो यांच्यासह भानूताईंना ऑस्कर मिळाले, ते मिळवणाऱ्या त्या पहिल्या भारतीय. त्या चित्रपटातही आव्हान झगमगाटाचे नव्हते. एका माणसाच्या अंगावरचा बॅरिस्टरचा सूट हळूहळू कमी होत पंचापर्यंत येतो, हा प्रवास कपड्यांतून दाखवायचा होता. आपण रोमाँ यांच्याविषयी लिहिलेला तीस वर्षांचा मुद्दा मला तिथे तंतोतंत दिसला. २०१२ साली भानूताईंनी ते मानचिन्ह सुरक्षित राहावे म्हणून ऑस्कर देणाऱ्या अकादमीकडे परत सुपूर्द केले आणि २०२० साली त्या गेल्या. फ्रान्समध्ये असे कपडे आणि रेखाटने पुढे कुठे जातात, हे कोणी सांगेल का?

प्रतिसाद : सेनकाठ

रंकाळा, पॅरिसच्या सिनेमातेक या संस्थेच्या संग्रहात चित्रपटांतले पोशाख आणि वेशभूषेची रेखाटने आहेत. रंगभूमीसाठी तर मुलँ या गावात २००६ साली राष्ट्रीय रंगवेश केंद्र सुरू झाले. अठराव्या शतकातल्या घोडदळाच्या बराकींत ते आहे, आणि पॅरिसचे ऑपेरागृह, कोमेदी-फ्राँसेझ ही नाट्यसंस्था आणि राष्ट्रीय ग्रंथालय यांच्या ठेव्यांतून तो संग्रह उभा राहिला. मी तिथे दोनदा गेलो आहे. आत दिवे फार मंद ठेवलेले असतात, कारण उजेडाने रंग उडतात, आणि डोळे सरावले की काचेमागच्या कपड्यांवर गायकांच्या घामाचे पुसट वर्तुळ, आतून लावलेली नावाची पट्टी, दुसऱ्या नटासाठी सोडलेली शिवण असे सगळे दिसू लागते. चित्रपटातले पुष्कळसे कपडे मात्र भाड्याने आणलेले असतात आणि चित्रीकरण संपले की परत जातात. रोमची तिरेली आणि लंडनची कॉसप्रॉप ही अशी मोठी दुकाने आहेत, साठच्या दशकाच्या मध्यात निघालेली. तिथला एकच कोट दहा चित्रपटांत दहा माणसांनी घातलेला असू शकतो.

प्रतिसाद : तिसरीघंटा

काल रात्री 'ले गार्दिएन' पाहिला. चाकरीला ठेवलेली फ्रान्सीन पहिल्यांदा घरात येते तेव्हा तिच्या कपड्यांत आणि घरच्या बायकांच्या कपड्यांत मला फरकच दिसेना, म्हणून मी थांबवून पुन्हा पाहिले. कापड जवळजवळ त्याच जातीचे, रंगही त्याच कुळातले, पण बाकीच्यांचे कपडे अंगाला बसलेले आहेत आणि तिचा दुसऱ्या कोणाच्या तरी मापाचा असावा असा दिसतो. अनाथालयातून आलेल्या मुलीची सगळी ओळख माझ्यापुरती तिथेच झाली. शेवटी आखूड केसांनी ती लोकांपुढे गायला उभी राहते, तेव्हा मी आधी तिचे खांदे पाहिले. तिथे कपडा तिच्या मापाचा आहे.